बनाटीचं वर्तुळ: क्षणिकवादावर शॉर्टफिल्म करायची तर

प्रश्न थोडक्यात असा: "मी कोल्हापूरचा, तत्त्वज्ञानात एम.ए. करतोय. बौद्धांच्या क्षणिकवादावर १० मिनिटांची प्रायोगिक शॉर्टफिल्म करायची आहे. सगळं क्षणाक्षणाला नष्ट होत असेल तर कालचा मी आणि आजचा मी एकच कसा, हा विषय. पटकथेत पंचगंगेच्या घाटावर बसलेले वृद्ध गुरुजी, त्यांचा शिष्य, वाहतं पाणी, वाळूचं घड्याळ, गळणारी पानं आणि सोबत निवेदन आहे. मित्रांना वाचून दाखवली तर म्हणाले, हे व्याख्यान आहे. मोबाइल आहे, ट्रायपॉड आहे, पैसे नाहीत. काय करू?"

तुमच्या मित्रांना दुखणं बरोबर कळलं आहे. पण यावर सहसा जो उपाय सांगतात तो करू नका. लोक म्हणतील, निवेदन कमी करा, संवाद छाटा, दृश्यं वाढवा. तसं केलंत तर तेच व्याख्यान मुक्याने होईल. घाट, पाणी, पानं हीसुद्धा बोलतातच, आणि तिघं मिळून "सगळं अनित्य आहे" हे एकच वाक्य म्हणतात. पान गळताना दिसलं की प्रेक्षकाला अर्थ आधीच ठाऊक असतो. अर्थ ठाऊक असलेल्या गोष्टीकडे माणूस बघत नाही, ती ओळखतो आणि पुढे जातो. म्हणून प्रतीकांची ही सगळी मांडणी बाजूला ठेवा. आरसा, बुद्धिबळ, रेल्वेचे रूळ, नदीत सोडलेले दिवे हेही त्याच यादीत धरा.

मी संकलक आहे आणि संकलन शिकवतो. तत्त्वज्ञान घेऊन येणाऱ्या विद्यार्थ्यांना मी पहिल्यांदा एकच गोष्ट विचारतो: तुझ्या फिल्मच्या शेवटी प्रेक्षकाला काय कळलेलं असेल हे राहू दे, फिल्म चालू असताना त्याच्यावर काय घडेल? कल्पना सांगण्यासाठी पुस्तक आहे, वर्ग आहे, आणि ते काम ती साधनं सिनेमापेक्षा कितीतरी चांगलं करतात. सिनेमाला जे जमतं ते वेगळं आहे. एखादा सिद्धान्त ज्या स्थितीचं वर्णन करतो, त्या स्थितीत तो प्रेक्षकाला काही मिनिटं नेऊन ठेवू शकतो. तुम्हाला करायचं आहे ते हे.

आणि तुम्ही निवडलेला प्रश्न तर सिनेमाच्या यंत्रातच आहे. सेकंदाला २४ किंवा २५ फ्रेम, त्यातली एकही हलत नाही, प्रत्येक फ्रेम येते आणि जाते, तरी आपल्याला एक सलग माणूस चालताना दिसतो. क्षणिकवादी जे जगाबद्दल म्हणतात ते पडद्याबद्दल जवळजवळ खरं आहे. मग घाटावरच्या गुरुजींना ते तोंडाने सांगायला का लावायचं? यंत्रालाच कामाला लावा.

असं ज्यांनी केलं आहे त्यांच्या फिल्म्स पाहताना अर्थ शोधत बसू नका. यंत्राचा कुठला भाग त्यांनी पुढे आणला आहे तेवढं शोधा. क्रिस मार्करची १९६२ ची 'ला जेते' २८ मिनिटांची आहे आणि जवळजवळ सगळी स्थिर छायाचित्रांची आहे. एका आठवणीने पछाडलेल्या माणसाची ती गोष्ट. आठवण म्हणजे थांबलेली चित्रं असं तिथे कुणी सांगत नाही, आपणच थांबलेल्या चित्रांमध्ये राहतो. मग एका जागी झोपलेली स्त्री डोळे उघडते तेव्हा चित्र काही क्षण खरोखर हलतं. एरवी कुठल्याही सिनेमात ती पापण्यांची हालचाल कुणाच्या लक्षातही आली नसती. इथे ती अंगावर येते, कारण फिल्मचा नियम तोवर आपल्या अंगवळणी पडलेला असतो. हॉलिस फ्रॅम्प्टनच्या 'नॉस्टॅल्जिया'त (१९७१) एकेक छायाचित्र विजेच्या शेगडीवर जळताना दिसतं आणि त्याच वेळी आवाज वर्णन करत असतो ते पुढे येणाऱ्या छायाचित्राचं. जे ऐकतोय ते अजून दिसलेलं नाही, जे दिसतंय ते आधी ऐकून झालं आहे. वर्तमानात बसायला जागाच उरत नाही. यासाठी त्याने केलं काय, तर ध्वनी आणि चित्र एका घराने सरकवलं.

आपल्याकडचं उदाहरण मला यांच्याइतकंच मोलाचं वाटतं. मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये, म्हणजे सरकारी संस्थेत बसून, प्रमोद पतींनी १९७२ साली 'आबिद' केली. चित्रकार आबिद सुरती यांना त्यांनी पिक्सिलेशनने टिपलं. एरवी बाहुल्यांसाठी वापरतात ती पद्धत त्यांनी जिवंत माणसावर वापरली: थांबा, एक फ्रेम, थोडं सरका, पुन्हा थांबा, पुन्हा एक फ्रेम. पडद्यावर हा माणूस न चालता सरकतो, इथे मावळतो, तिथे उगवतो. दोन फ्रेमच्या मधे तो खरा चालला असेल, घाम पुसला असेल, कुणाशी बोललाही असेल. पडद्याच्या हिशेबात त्यातलं काहीच घडलेलं नाही. क्षणिकवादावर एक शब्द न उच्चारता ही फिल्म त्याच्या अगदी जवळून जाते. त्याच काळात चित्रकार एम. एफ. हुसेन यांनी राजस्थानात फिरून केलेल्या फिल्मला १९६७ मध्ये बर्लिनला लघुपटांचं सुवर्ण अस्वल मिळालं. कंदील, छत्री, बूट यांना कुठलाही ठरीव अर्थ न देता ते तिथे पुन्हा पुन्हा येत राहतात. फिल्म्स डिव्हिजन आता एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं आहे, पण त्या काळातल्या बऱ्याच फिल्म्स यूट्यूबवर सापडतात. शोधा आणि आवाज बंद करून एकदा, चालू ठेवून एकदा, अशा पाहा.

आता एक खबरदारी, आणि तत्त्वज्ञानाचा विद्यार्थी म्हणून ती तुम्ही तरी घ्यायलाच हवी. 'फ्रेम म्हणजे क्षण' हे समीकरण पटकन सुचतं, छानही वाटतं, आणि ते चुकीचं आहे. बौद्ध आचार्यांचा क्षण अविभाज्य आहे. तुमची फ्रेम तशी नाही. २५ फ्रेमच्या चित्रीकरणात शटर साधारणपणे १/५० सेकंदावर ठेवतात, म्हणजे प्रत्येक फ्रेम १/५० सेकंदाचा काळ पोटात घेऊन येते. हात हलला तर तो पुसट दिसतो तो म्हणूनच. उरलेला १/५० सेकंद कॅमेऱ्याने पाहिलेलाच नसतो. म्हणजे तुमच्या फिल्ममध्ये जो एक मिनिट दिसतो त्यातला अर्धा कधी टिपलाच गेला नाही. त्यातून मोबाइलचा सेन्सर चित्र वरपासून खालपर्यंत ओळीओळीने वाचतो. वरची ओळ आधीची, खालची नंतरची. एका फ्रेममध्येसुद्धा एकच 'आत्ता' सापडत नाही.

हा अडथळा समजू नका, फिल्मचा कच्चा माल इथेच आहे. कारण याच जागी क्षणिकवादाचा खरा प्रतिपक्ष उभा राहतो. फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँने १९०७ च्या 'क्रिएटिव्ह इव्होल्यूशन'मध्ये सिनेमाच्या यंत्राचाच दाखला घेऊन नेमकं उलट म्हटलं: बुद्धी वाहत्या वास्तवाचे तुकडे टिपते आणि मग ते जोडून गती बनवू पाहते, खरा आहे तो अखंड प्रवाह, तुकडे ही बुद्धीची सोय. एका बाजूला क्षण खरे आणि सातत्य रचलेलं, दुसऱ्या बाजूला सातत्य खरं आणि क्षण रचलेले. यंत्र एकच, निष्कर्ष दोन. तुमच्या पटकथेत फक्त पहिली बाजू आहे आणि गुरुजींना ती आधीपासून पाठ आहे, म्हणून तिथे काही घडत नाही. दोन्ही उत्तरं प्रेक्षकाला आळीपाळीने खरी वाटली पाहिजेत.

हे करायला वस्तू कोणती घ्यायची? तुमच्या अभ्यासात अलातचक्र आलंच असेल. जळतं कोलीत गरागरा फिरवलं की आगीचं वर्तुळ दिसतं, वर्तुळ मात्र कुठेच नसतं. बौद्ध आचार्यांनी हा दृष्टांत वापरला आणि अद्वैत वेदान्ताच्या गौडपादाचार्यांनी मांडूक्यकारिकेच्या चौथ्या प्रकरणाला नावच 'अलातशांति' दिलं. कोलीत फिरत असताना ते आकार बाहेरून कुठून येत नाहीत आणि कोलीत थांबल्यावर कुठे निघूनही जात नाहीत, असं ते म्हणतात. आणि तुम्ही कोल्हापूरला आहात! मर्दानी खेळात पेटवलेली बनाटी, म्हणजे टोकांना आग लावलेली काठी, फिरवणारी मुलं-मुली, त्यांना शिकवणारे वस्ताद तुमच्या गावातल्या तालमींत आहेत. दीड हजारांहून जास्त वर्षांपूर्वीचा दृष्टांत तुमच्याकडे जिवंत खेळ म्हणून चालू आहे. वाळूचं घड्याळ कशाला हवं?

इथे आणखी एक बारकावा. अलातचक्र आणि सिनेमातली गती एकच आहेत असं अनेक ठिकाणी लिहिलेलं सापडेल. तसं नाही. आगीचं वर्तुळ दिसतं ते प्रकाशाचा ठसा डोळ्यात किंचित रेंगाळतो म्हणून. पडद्यावरची हालचाल दिसते ती मेंदू वेगवेगळ्या जागच्या दोन चित्रांमधून गती घडवतो म्हणून, आणि १९१२ मध्ये माक्स वेर्थायमरने त्यावरच्या प्रयोगांतून मानसशास्त्रात नवं दालन उघडलं. पहिल्यात उरलेलं दिसतं, दुसऱ्यात नसलेलं दिसतं. तुमच्या फिल्मला दोन्ही लागणार आहेत, पण ती एकमेकांत मिसळू देऊ नका.

मी फिल्म अशी बांधेन.

काळोख. बनाटीचं एकच टोक पेटवलेलं. दोन्ही पेटवली तर डोळ्याला माग कुणाचा काढायचा ते कळत नाही. खेळाडू सेकंदाला दोन फेरे या बेताने फिरवतोय असं धरू. हीच गोष्ट तीन प्रकारे टिपायची. पहिल्यांदा नेहमीचं शटर, १/५०. प्रत्येक फ्रेमवर सुमारे १४ अंशांची आगीची चाप उमटेल आणि पुढच्या फ्रेममध्ये ती तेवढीच जागा सोडून पुढे गेलेली असेल. पाहणाऱ्याला सवयीचं, गुळगुळीत फिरणं दिसेल. दुसऱ्यांदा शटर १/१०००. आता चाप नाही, ज्योतीचा एकेक फाटका तुकडा, कडा धारदार. तो फिरत नाही, या जागेवरून त्या जागेवर उड्या मारतो. तिसऱ्यांदा व्हिडिओ नको, ट्रायपॉडवरून अर्ध्या सेकंदाच्या एक्स्पोजरची स्थिर छायाचित्रं, एकामागून एक. प्रत्येकात पूर्ण, न तुटलेलं वर्तुळ. ही छायाचित्रं संकलनात प्रत्येकी साधारण अर्धा सेकंद ठेवा, म्हणजे पडद्यावरचा वेळ आणि खरा वेळ जुळेल. खेळ तोच, वेग तोच. एकात वस्तू आहे, एकात क्षण आहेत, एकात अखंडता आहे. यातलं खरं कोणतं, हा प्रश्न तुम्हाला विचारावा लागणार नाही.

चौथा प्रकार संकलनाच्या टेबलावर मिळतो आणि मला तो सगळ्यांत आवडतो. पहिल्या चित्रीकरणातल्या १२-१३ सलग फ्रेम एकमेकींवर ठेवा आणि वरच्या फ्रेमना 'लाइटन' मोड द्या, म्हणजे प्रत्येक जागी सगळ्यांत उजळ असेल तेवढंच दिसेल. तुम्हाला वाटेल पूर्ण वर्तुळ मिळेल. मिळणार नाही. तुटक रेघांचं वर्तुळ येईल, रेघ आणि फट जवळजवळ सारख्या लांबीची. त्या फटी म्हणजे शटर मिटलेलं असतानाचा काळ. आपण मघाशी जो गुळगुळीत शॉट पाहून निवांत होतो त्यात अर्धा प्रवास गाळलेला होता, याचा पुरावा तिथे पडद्यावर उभा राहतो. ही एक प्रतिमा फिल्ममध्ये एकदाच आणि सावकाश येऊ द्या.

हे सगळं मिळून दोन-अडीच मिनिटं. एवढ्यात प्रेक्षक फिल्मचा नियम शिकतो. पण तुमचा प्रश्न वर्तुळाचा नाही, 'मी'चा आहे. तेव्हा दुसरा भाग.

'मिलिंदपञ्हो' या पाली बौद्ध ग्रंथात भिक्षू नागसेन मिलिंद राजाला विचारतो: रात्रभर दिवा जळला, तर पहिल्या प्रहराची ज्योत आणि शेवटच्या प्रहराची ज्योत तीच का? तीच नाही आणि वेगळीही नाही. हे पडद्यावर करायचं असेल तर बनाटी फिरत ठेवा आणि फिरवणारा बदला. एक शाळकरी मुलगा, एक विशीतली मुलगी, एक साठीचे वस्ताद, तिघंही त्याच आखाड्यातले. तिघांना वेगवेगळ्या रात्री, वेगवेगळ्या जागी, काळोखात टिपा. कॅमेऱ्याची उंची, अंतर, लेन्स तंतोतंत तीच. वर्तुळाचा मध्य पडद्यावर एकाच बिंदूवर आला पाहिजे. मोबाइलच्या स्क्रीनवर मार्करने बारीक टिंब काढून ठेवा आणि प्रत्येक वेळी मध्य तिथे आणा. फिरवण्याची दिशा एकच. वेग जुळवायला चित्रीकरणाच्या वेळी एका ठेक्यात हलगी वाजवायला सांगा. मग ज्योत एका विशिष्ट कोनात असलेली पहिल्याची फ्रेम आणि त्याच कोनातली दुसऱ्याची फ्रेम शोधून तिथे काप द्या. सेकंदाला दोन फेरे म्हणजे एका फेऱ्यात साडेबारा फ्रेम. कोन नेमका जुळणार नाही, पण जास्तीत जास्त १४-१५ अंशांचा फरक पडेल आणि फिरत्या आगीत तो कुणाला कळत नाही.

डोळा आगीच्या मागे असतो. वर्तुळ अखंड चालू राहिलं तर हात बदलला हे बहुतेकांच्या लक्षात येणार नाही. मग हळूहळू, प्रत्येक फेरीत थोडा थोडा, माणसावर प्रकाश वाढवा. कुणाच्या तरी लक्षात येईल की मनगटात बांगडी आहे. मग पांढरी मिशी दिसेल. प्रेक्षक मनातल्या मनात मागे जाऊन शोधू लागेल, हे कधी बदललं? तो शोध म्हणजे तुमचा विषय. गुरुजींनी घाटावर कितीही समजावलं असतं तरी प्रेक्षकाच्या मनात हा धक्का उमटला नसता. आणि विद्या एका हातातून दुसऱ्या हातात जाते, हा आखाड्यातला अर्थ तुम्ही न मागता वर मिळतो. त्याला अधोरेखित करू नका, तो आपला आपण राहील.

तिसरा भाग ध्वनीचा. नव्या दिग्दर्शकांचं इथेच सर्वात जास्त दुर्लक्ष होतं, म्हणून थोडं थांबून सांगतो. चित्रातलं सातत्य चित्राने टिकतं असा सगळ्यांचा समज असतो. संकलनाच्या खोलीत रोज उलट दिसतं. दोन अगदी न जुळणारे शॉट घ्या, खाली पंख्याची घरघर किंवा रातकिडे सलग ठेवा. प्रेक्षक काप गिळतो. उलट दोन जवळजवळ सारखे शॉट घ्या आणि कापाच्या जागी पार्श्वभूमीचा आवाजही कापा. काप ठेच लागल्यासारखा जाणवतो. म्हणजे पडद्यावरचं 'एकच आहे' हे आपण पुष्कळसं कानाने ठरवत असतो.

तेव्हा दुसऱ्या भागात तिघांच्याही चित्राखाली एकच सलग ध्वनी ठेवा: हवा कापणाऱ्या आगीचा भुरभुर आवाज आणि श्वास. हलगी फिल्ममध्ये घेऊ नका, ती फक्त चित्रीकरणापुरती. ठेका एवढा बलवान असतो की तो कशालाही एक करून टाकतो, आणि मग सातत्य कुठून आलं हे तपासायला जागा राहत नाही. तिसऱ्या भागात तेच शॉट, त्याच क्रमाने, एकही फ्रेम न बदलता पुन्हा दाखवा, पण आता प्रत्येकाच्या खाली त्याच्या त्याच्या जागेचा खरा ध्वनी. मुलाच्या मागे तालमीतल्या भिंतींचा घुमारा, मुलीच्या मागे गच्चीवरून ऐकू येणारी वाहनं, वस्तादांच्या मागे मोकळं मैदान आणि लांबचं कुत्रं. चित्र काळोखातच असल्यामुळे जागा आधी कुणाला दिसलेली नव्हती, ती आता ऐकू येते. जे एक होतं त्याचे तीन तुकडे होतात, आणि चित्राला तुम्ही हातही लावलेला नसतो. यासाठी प्रत्येक जागी, खेळ संपल्यावर, दोन-तीन मिनिटं सगळ्यांना गप्प बसवून नुसता परिसर ध्वनिमुद्रित करा. लोक चुळबुळतील, करून घ्या.

शेवट कसा करायचा याबद्दल माझं ठाम मत आहे. वस्ताद बनाटी थांबवतात आणि टोक वर धरून उभे राहतात. वर्तुळ नाही, फक्त एक ज्योत. बहुतेक जण इथे फिल्म संपवतील, कारण 'भ्रम गेला, वस्तू उरली' असा अर्थ सरळ हाती लागतो. संपवू नका. ती ज्योत निदान अर्धा मिनिट धरून ठेवा. आधी ती स्थिर वाटेल, मग ती लवते, तुटते, पुन्हा जुळते हे दिसायला लागेल. प्रत्येक फ्रेममध्ये वेगळी आहे हे कळेल. वर्तुळ खोटं आणि ज्योत खरी असं म्हणून प्रेक्षक जिथे टेकला होता ती जागाही सरकते. गौडपाद आणि नागसेन या ठिकाणी वेगळ्या वाटांनी जातात हे तुम्हाला माहीत आहे. फिल्मने एकाची बाजू घ्यायची गरज नाही, पण कोलीत थांबल्यावर सगळं स्पष्ट झालं असा खोटा दिलासाही देऊ नये.

शब्द हवेच असतील तर थोडे घ्या आणि त्यांनाही याच नियमात बसवा. तिघांकडून बनाटी पहिल्यांदा हातात घेतल्याची आठवण बोलून घ्या आणि एकच वाक्य तिघांच्या आवाजात जोडा: मुलगा सुरू करेल, मुलगी पुढे नेईल, वस्ताद संपवतील, आणि 'मी' तिघांतून जाईल. 'मी घाबरलो' म्हणून सुरू झालेलं वाक्य 'सावरले' वर येतं तेव्हा ऐकणारा दचकतो. बौद्ध ग्रंथांतली वचनं पडद्यावर लिहू नका. अक्षरं आली की डोळा वाचायला लागतो आणि बघणं थांबवतो.

तांत्रिक बाबी भराभर सांगतो. मोबाइलच्या मूळ कॅमेऱ्यावर विसंबू नका, तो काळोख दिसला की आपोआप उजेड वाढवतो. ब्लॅकमॅजिक कॅमेरा हे ॲप फुकट आहे. त्यात शटर, आयएसओ (प्रकाशाची संवेदनशीलता), फोकस, व्हाइट बॅलन्स हाताने कुलूपबंद करता येतात, तुमच्या फोनवर चालतं का ते पाहा. एक्स्पोजर ज्योतीवर ठरवा, आगीचा केशरी रंग टिकला पाहिजे. ज्योत पांढरीफटक झाली तर नंतर काही करता येत नाही. १/१००० ला आयएसओ बराच वाढवावा लागेल, चित्र रवाळ येईल, येऊ द्या. माणसावर प्रकाश टाकायला घरगुती एलईडी दिवा वापरणार असाल तर आधी चाचणी घ्या, काही दिवे कॅमेऱ्यात लुकलुकतात. संकलनाला दाविंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती पुरेशी आहे. पूर्ण काळ्या आणि पूर्ण पांढऱ्या फ्रेमचा लखलखाट घालायचा मोह होईल. सेकंदाला तीनपेक्षा जास्त वेळा पडदा लखलखला तर प्रकाशाने फेफरं येणाऱ्या लोकांना धोका असतो. या फिल्मला त्याची गरजही नाही.

आगीबाबत तडजोड नको. बनाटी फक्त सराव असलेल्यानेच फिरवायची, मुलगा असेल तर वस्ताद शेजारी हवेत, अंगावर सुती कपडे, हाताशी ओलं गोणपाट आणि वाळूची बादली, आणि कॅमेऱ्यामागे तुम्ही सोडून एक माणूस ज्याचं काम फक्त लक्ष ठेवणं. न पेटवता सगळा सराव आधी करून घ्या. पालकांची आणि आखाड्याची परवानगी लेखी घ्या.

लांबी १० मिनिटांची ठरवून बसू नका. मी मांडलं आहे ते ७ मिनिटांत होतं आणि तेवढंच असावं. शोधाला वेळ हवा म्हणून दुसरा भाग सैल ठेवा. पहिला भाग घट्ट.

कच्चं संकलन झालं की चार-पाच जणांना दाखवा, त्यात तत्त्वज्ञानाचा विद्यार्थी एकही नको. "समजलं का?" असं विचारू नका. हा प्रश्न विचारला की माणूस परीक्षेला बसतो आणि काहीतरी गंभीर बोलतो. विचारा: काय काय दिसलं ते क्रमाने सांगा. माणसं किती होती? लक्ष कधी उडालं? तिघं होती हे सगळ्यांना पहिल्याच कापाला कळलं असेल तर प्रकाश लवकर वाढतोय. शेवटपर्यंत कुणालाच कळलं नसेल तर उशिरा वाढतोय. 'क्षणिक' हा शब्द एकानेही उच्चारला नाही तरी चालेल.

मित्रांना कॉपी व्हॉट्सॲपवर पाठवू नका. त्याच्या कॉम्प्रेशनमध्ये काळोखाचे चौकोन पडतात आणि एका फ्रेमचा तपशील पुसून जातो. मग तुम्ही मोजून ठेवलेल्या चापा आणि फटी उरणार नाहीत. शक्य तितक्या जास्त बिटरेटची फाइल द्या आणि काळ्या भागात अगदी हलका ग्रेन (रवाळपणा) घाला, पट्टे पडणं कमी होतं. मुंबईचा मिफ हा महोत्सव माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनसाठीच आहे. तिथे किंवा दुसरीकडे पाठवताना सारांशात सिद्धान्त लिहू नका. तिघं आहेत हेही सांगू नका, "काळोखात बनाटी फिरते" एवढं बास, कारण निवड समितीनेही ती फिल्म प्रेक्षक म्हणूनच पाहायला हवी.

तालमीत जाण्याआधी या आठवड्यात घरीच एक चाचणी करा. खोलीत अंधार करा, छोटा टॉर्च मजबूत दोरीला बांधा, कुणाला तरी फिरवायला सांगा आणि १/५०, १/१००० आणि अर्ध्या सेकंदाची छायाचित्रं, असे तिन्ही प्रकार टिपून एकापाठोपाठ लावून पाहा. टॉर्च एलईडीचा असेल आणि मंद करून लावला असेल तर अर्ध्या सेकंदाच्या वर्तुळातही कदाचित तुटक ठिपके दिसतील, कारण असे बरेच दिवे प्रत्यक्षात भरभर बंद-चालू होत असतात. तो कॅमेऱ्याचा दोष समजून पुसू नका, ती फाइल जपून ठेवा. आगीबरोबर तुलना करायला ती लागेल, आणि कदाचित फिल्मच्या पहिल्या भागात तिला जागाही मिळेल.